प्रतिसाद: खालचा टॅब बार की ड्रॉवर?

मोबाइल ॲपच्या विभागांत फिरण्यासाठी खाली कायम दिसणारी बटणांची पट्टी (टॅब बार) ठेवावी, की एरवी लपलेला आणि कडेवरून सरकत येणारा मेनू (ड्रॉवर), असा या चर्चेतला प्रश्न आहे. ड्रॉवरमुळे स्क्रीन मोकळी राहते, असा मुद्दा वर आलाय. खरंय, पण त्याचबरोबर ॲपमध्ये काय काय आहे हेही नजरेआड होतं, आणि जे दिसत नाही ते बरेच लोक उघडून बघतच नाहीत. म्हणून सतत लागणारे ३ ते ५ विभाग असतील तर मी सरळ खालचा टॅब बार घेईन. मटेरियल डिझाइन, म्हणजे ॲपच्या रचनेसाठीची गूगलची मार्गदर्शक तत्त्वं, हेही एवढीच मर्यादा सांगतं.

ड्रॉवरची आणखी एक अडचण इथे कुणी मांडलेली दिसत नाही. २०१९ च्या अँड्रॉइड १० पासून जेश्चर नेव्हिगेशन (बटणांऐवजी बोट सरकवून फोन चालवणं) चालू असेल, तर कडेवरून बोट आत सरकवलं की 'मागे' जातं. ड्रॉवरही त्याच कडेवरून ओढायचा! माणसाला मेनू हवा असतो आणि हातातली स्क्रीनच निघून जाते. निदान मेनूचं बटण तरी ठळक दिसू द्या.

टॅब बार घेतलात तर प्रत्येक टॅबची स्थिती जपा. लांबलचक यादीत खूप खाली गेलेला माणूस दुसऱ्या टॅबवर डोकावून परत आला आणि यादी पुन्हा पहिल्यापासून दिसली, तर तो वैतागणारच. बारमध्ये 'शेअर', 'डिलीट' अशा क्रियाही कोंबू नका, तिथे फक्त ठिकाणं हवीत. आणि कृपा करून आयकॉनखाली नाव लिहा.

एकच माहिती यादी किंवा नकाशा अशा दोन रूपांत दाखवायची असेल तर सेगमेंटेड कंट्रोल (एकमेकांना जोडलेल्या पर्यायांची छोटी पट्टी) पुरतो. सेटिंग्ज, मदत वगैरे क्वचित लागणाऱ्या गोष्टी खुशाल ड्रॉवरमध्ये ठेवा.