अंधेरीत नोकरी, गोरेगावात रूम: ॲग्रीमेंट एकीच्याच नावावर चालेल का?

सोलापूरकर_२४: पुढच्या महिन्यात अंधेरी पूर्वेला रुजू होतेय. पीजी नको, रात्री यायच्या वेळेची बंधनं असतात. गोरेगावात आणखी दोघींसोबत वन बीएचके बघितलाय. भाडं २४,०००, डिपॉझिट ६०,०००. एजंट म्हणतो ॲग्रीमेंट एकीच्या नावावर करू. चालेल का? शिवाय मुंबईत ओळखीचं कुणी नाही.

चाळीतली_खिडकी: अजिबात नको. तिघींची नावं घालून घे. जिचं नाव आहे तिने घर सोडलं की तुलाही बॅग भरावी लागेल, आणि डिपॉझिट मालक तिच्याच हातात देईल. पत्त्याचा पुरावा म्हणूनही हा कागद उपयोगी पडतो.

अकरा महिन्यांचं असलं तरी १९९९ च्या भाडे नियंत्रण कायद्याने नोंदणी सक्तीची आहे, नोटरीवर भागवू नका. स्टॅम्प ड्युटी पाव टक्का: अकरा महिन्यांचं भाडं २,६४,००० आणि डिपॉझिटवर वर्षाला १० टक्क्यांनी धरलेलं व्याज ५,५००, म्हणजे साधारण ६७५ रुपये. नोंदणी फी १,०००. एजंटचे वेगळे. थंब (अंगठ्याचा ठसा) देण्याआधी ड्राफ्ट वाच: लॉक-इन किती, म्हणजे किती महिने घर सोडता येणार नाही, नोटीस किती, सोडताना पेंटिंगचे कापणार का. तिघींनी आपापले २०,००० थेट मालकाच्या खात्यात टाका, रोख नको. किल्ली घेताच नळ, गीझर, भिंतीची ओल, मीटरचं रीडिंग, सगळ्याचा व्हिडिओ काढून मालकाला पाठवा.

लेडीज_डबा: सकाळी हार्बरची लोकल बघ. ती गोरेगावहूनच सुटते, बसायला मिळतं. येताना विरार फास्ट टाळ, भलतीकडे उतरशील.

ओळखींचं म्हणशील तर रोज तीच लोकल, तोच डबा, तेच दार धर. "कुठे उतरणार?" हा प्रश्न जागा धरण्यासाठी असतो, पण ओळख तिथूनच होते. नवरात्रात रंगाचा ड्रेस घालून गेलीस तर फोटोत आपोआप ओढली जाशील.

ग्रंथप्रेमी: गोरेगावातच केशव गोरे स्मारक आहे, समाजवादी नेत्या मृणालताई गोरे यांच्या कामाशी जोडलेलं. तिथल्या कार्यक्रमांना जा. दादरला १८९८ सालचं मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय आहे. रविवारी शिवाजी मंदिरचं नाटक एकटीने बघायलाही काही हरकत नाही.

सोलापूरकर_२४: एजंट तयार झाला, पण तीन नावांचे जास्त पैसे मागतोय.

चाळीतली_खिडकी: स्टॅम्प ड्युटी आणि नोंदणी फी नावांवर वाढत नाही. जास्तीचे जे मागतोय ते त्याचे स्वतःचे आहेत, घासाघीस कर. सरकारी पावती मात्र वेगळी माग.