विज्ञानकथेतलं स्वप्नयान: पाच माणसं, एक स्वप्न, गाडी चालवायची कशी?

पेनड्राइव्ह:
दिवाळी अंकाच्या कथेसाठी एक वाहन हवंय. पाच जण एका खोलीत झोपतात आणि एकाच स्वप्नात एसटीसारख्या गाडीतून हिंडतात. स्वप्नं जोडली जातात, एवढी एकच अशक्य गोष्ट ठेवायची आहे, बाकी झोपेच्या शास्त्राला धरून. गाडी कधी सुटते, वळते कशी, आत गेलेला वेळ बाहेर किती भरतो? 'मनाच्या शक्तीने चालते' हे उत्तर कृपया नको.

निशाचर:
सुटायची वेळ आधी ठरवा, कारण बहुतेक कथा तिथेच आपटतात. लेखक पात्रांना दहाला झोपवतो आणि सव्वादहाला स्वप्नात उतरवतो. कथानक असलेली ठळक स्वप्नं मुख्यतः रेम झोपेत, म्हणजे बंद पापण्यांआड डोळे भराभर फिरतात त्या टप्प्यात, पडतात. पहिली रेम डोळा लागल्यावर साधारण दीड तासाने येते आणि दहाएक मिनिटांत आटोपते. पाच जणांची ती एकदम येणार नाही. पहिला गाडीत चढेल तेव्हा चौथा गाढ झोपेत असेल आणि पाचवा कूस बदलत असेल.

पहाटेच्या रेमच्या फेऱ्या लांब असतात. म्हणून साडेदहाला झोपवा, तीनला उठवा, अर्धा तास मंद दिव्यात जागं ठेवा (चहा नको) आणि परत झोपू द्या. जाणीव शाबूत ठेवून स्वप्न बघण्याच्या प्रयोगांत ही युक्ती सर्रास वापरतात. तरी मागेपुढे होणारच, तेव्हा स्वप्नात एक फलाट ठेवा. आधी आलेल्यांनी तिथे ताटकळावं.

आता स्टिअरिंग. रेममध्ये हातपाय लुळे पडतात, डोळे आणि श्वास तेवढे चालतात. म्हणजे बाहेरच्या यंत्राला कळेल असं स्टिअरिंग डोळ्यांचंच. १९७५ मध्ये इंग्लंडातल्या हल विद्यापीठात कीथ हर्न यांनी झोपलेल्या माणसाकडून ठरवून केलेले डोळ्यांचे इशारे नोंदवले, पुढे स्टॅनफर्डला स्टीफन लाबर्ज यांनीही. डावी-उजवी-डावी-उजवी ही खूण तिथलीच.

डोळ्यांची हालचाल टिपायला एक इलेक्ट्रोड (त्वचेवर चिकटवायची, विजेचे संकेत पकडणारी चकती) डाव्या डोळ्याच्या बाहेरच्या कोपऱ्याच्या एक सेंटिमीटर खाली, दुसरा उजव्याच्या तेवढाच वर. नजर कडेला गेली की कागदावरच्या दोन रेघा एकमेकींविरुद्ध उसळतात. दोन्ही एकाच बाजूला उसळल्या तर ती बहुधा मेंदूची लहर मध्ये घुसलेली असते. रेममध्ये डोळे एरवीही फिरतात, त्यामुळे अर्धवट हालचालीवर गाडी वळवू नका. टोकापासून टोकापर्यंत, न थांबता, दोन पूर्ण फेरे हवेत. शिवाय हनुवटीच्या स्नायूची रेघ सपाट आहे ना, ते बघा. ती जाड झाली असेल तर ड्रायव्हर जागा झालाय.

कुळीथ:
डॅशबोर्डवर आकडे नकोत. स्वप्नातला मजकूर वाचून नजर हलवली आणि परत वाचला की बऱ्याचदा बदललेला असतो. ४० चे ७० होतील, मग नुसत्या मुंग्या. गाडीची पाटीही त्यामुळे बिनअक्षरीच ठेवा. वेग हाताला कळू दे, सीटसमोरच्या दांड्याच्या थरथरीतून.

त्या दांड्याला काथ्या गुंडाळा. स्वप्न विरायला लागलं की आधी दिसणं पुसट होतं, स्पर्श मागे रेंगाळतो. म्हणून तळवे घासणं हा स्वप्न टिकवायचा रुळलेला उपाय आहे. खिडकीबाहेरची झाडं फिकी पडली की सगळ्यांनी काथ्यावर हात घासायचे.

वेळेचं म्हणाल तर 'आत पाच वर्षं, बाहेर पाच मिनिटं' हे विसरा. प्रयोगांत स्वप्नातल्या मोजणीला जवळपास जागेपणीइतकाच वेळ लागला, बैठका काढायला उलट जास्त. तेव्हा चाक बदलायचा प्रसंग घालणार असाल तर अर्धी सहल त्यातच जाईल.

पेनड्राइव्ह:
बाहेरून ड्रायव्हरला सूचना देता येईल? आणि तो मध्येच उठला तर?

निशाचर:
सूचना देता येईल, भरवसा नाही. २०२१ मध्ये 'करंट बायॉलॉजी'त अमेरिका, फ्रान्स, जर्मनी आणि नेदरलँड्सच्या प्रयोगशाळांचा एकत्र निबंध आला. ३६ जण होते. झोपलेल्याला 'आठ वजा सहा' विचारलं आणि त्याने डोळ्यांनी दोन सांगितले. पण १५८ प्रयत्नांत बरोबर उत्तरं १८.४ टक्केच, आणि निम्म्याहून जास्त वेळा काही प्रतिसादच नाही. म्हणजे कंट्रोलरूमने पाचदा ओरडावं तेव्हा एकदा काम. बाहेरचा आवाज कधीकधी स्वप्नात रेडिओतून आल्यासारखा येतो. गाडीत खरखरणारा रेडिओ बसवून टाका.

पारंबी:
ड्रायव्हर उठण्याचं उत्तर बृहदारण्यक उपनिषदात आहे (४.३.१०). याज्ञवल्क्य जनकाला सांगतात, तिथे रथ नाहीत, रथाला जुंपायचे घोडे नाहीत, रस्ते नाहीत, झोपलेला स्वतःच रथ, घोडे आणि रस्ते निर्माण करतो. रस्तासुद्धा, हे लक्षात घ्या. सगळं एकट्या ड्रायव्हरचं असेल तर तो उठताच गाडीखालची जमीनही जाईल.

म्हणून वाटणी करा. गाडी एकाची, इंजिन दुसऱ्याचं, रस्ता तिसऱ्याचा. चौथा फक्त डोळ्यांनी वळवतो, पाचवा राखीव. ज्याचं जे, तो उठला की ते नाहीसं होतं. इंजिनवाला गेला तर उतारावरून घरंगळत जाता येईल, चौथा गेला तर गाडी सरळ जात राहील. रस्तावाला मात्र सगळ्यात गाढ झोपणारा निवडा. राखीव माणसाला एकावेळी एकच वस्तू उचलता येते, आणि त्यासाठी ती त्याने फलाटावर हात लावून बघितलेली हवी.

पेनड्राइव्ह:
म्हणजे रस्ता राखायचा तर त्याला फलाटावरून खाली उतरावं लागेल. झालं तर मग, रस्तावाल्याला खोकला देतो.