सॅलड ड्रेसिंग घरी करायचंय, तेलाचं की दह्याचं? (इंदूर, बजेट दीडशे)

पलासिया_पूर्व: चार माणसांचं रोजचं सॅलड असतं: काकडी, टोमॅटो, गाजर, पत्ताकोबी. घरात शेंगदाण्याचं फिल्टर तेल, लिंबं, मोहरी, मध आहे. लिंबू-तेल ढवळलं की पाच मिनिटांत फुटतं आणि वाडग्याच्या तळाशी पाणी साचतं. तेलाचं करावं की दह्याचं? नवीन सामान दीडशेच्या आत, मिक्सर शक्यतो नको.

ऑलिव्हप्रेमी: तेलाचंच. एक्स्ट्रा व्हर्जिन ऑलिव्ह घ्या. दीडशेत बाटली येणार नाही, पण चवीत फरक पडतो. मिक्सरमध्ये मात्र फिरवू नका, हे तेल कडू होतं. हाताने फेटा.

सियागंज: नवीन तेल कशाला? शेंगदाण्याचं उत्तम चालतं. ३ भाग तेल, १ भाग लिंबाचा रस. आठवड्यासाठी ९ मोठे चमचे तेल आणि ३ मोठे चमचे रस. आधी रसात अर्धा छोटा चमचा मीठ आणि एक चमचा मध पूर्ण विरघळवा. मीठ तेलात विरघळत नाही, नंतर घातलं तर दाताखाली येतं. मग एक छोटा चमचा मोहरीची पूड दोन चमचे गार पाण्यात दहा मिनिटं भिजवून त्यात घाला. गरम पाण्यात मोहरी चढत नाही. शेवटी तेल. झाकणाच्या बरणीत अर्धा मिनिट जोरात हलवा. बरणी अर्धीच भरा, गच्च भरली तर आत काही हलत नाही.

लश्करवाली: आमच्या ग्वाल्हेरकडे सरसोंचं कच्ची घाणी तेल मिळतं, तेच घाला. मोहरीची पूड वेगळी लागणारच नाही.

सियागंज: लागेल. तेल आणि रस धरून ठेवणारा चिकटपणा मोहरीच्या सालात असतो, तेलात उतरत नाही. सरसोंचं तेल हवं तर चौथा हिस्सा घ्या, बाकी शेंगदाण्याचं. नाहीतर काकडीची चवच लागत नाही.

लश्करवाली: धूर येईपर्यंत तापवून गार केलं की झणका जातो. चौथा हिस्सा फार कमी होतो.

दांडियाबाजार: वडोद्याहून. ड्रेसिंग कशाला हवंय? कोशिंबीर करा. दाण्याचा कूट, लिंबू, जिऱ्या-हिंगाची फोडणी. कूट रस धरून ठेवतो, फुटायचा प्रश्नच नाही.

स्नेहदा: कूट नंतर फुगतो आणि तासाभरात कोशिंबीर घट्ट गोळा होते, लगेच खायची असेल तरच घाला. आणि मूळ प्रश्नातल्या पाण्याकडे कुणी बघितलेलंच नाही. ते पाणी ड्रेसिंगचं नाही, भाज्यांचं आहे. मीठ लागलं की काकडी-टोमॅटो पाणी सोडतात. काकडीचा बियांचा गर काढा, पत्ताकोबी धुऊन कापडावर कोरडी करा. ओल्या पानावर तेल बसत नाही, ओघळतं. ड्रेसिंग ताटात वाढतानाच घाला, पाव किलो भाजीला दोन मोठे चमचे पुरे. लसूण घालणार असाल तर त्या दिवसापुरताच. कच्चा लसूण तेलात घालून बरणी बाहेर ठेवू नका, तेलाखाली हवा नसते आणि तिथे बोटुलिझमचे जंतू वाढू शकतात. फ्रिजमध्येही दोन-तीन दिवसांच्या वर नको.

ऑलिव्हप्रेमी: ऑलिव्ह फ्रिजमध्ये गोठलं तर घाबरू नका, वीस मिनिटं बाहेर ठेवा. पुन्हा सांगतो, तेलावर पैसे खर्च करा.

सियागंज: दह्याचं नको, आंबट होतं. तेलाचंच करा.

पलासिया_पूर्व: सगळ्यांचे आभार. गर काढून आणि पत्ताकोबी कोरडी करून पाहिली, तळाशी पाणी जवळजवळ नाही. पण ड्रेसिंग दह्याचंच करणार. मुलांना मोहरीचा झणका चालत नाही आणि अर्धा किलो दही दीडशेच्या आत बसतं. तेल अजिबात नाही, वरून जिरावन (पोह्यांवर घालतात तो इंदुरी मसाला).

स्नेहदा: मग दही मलमलच्या कापडात दोन तास फ्रिजमध्येच टांगा. पूर्ण चक्का करू नका, चमच्यावरून सावकाश ओघळलं पाहिजे. चमच्यानेच फेटा, मिक्सरमध्ये पातळ होतं. निथळलेलं पाणी टाकू नका, जास्त घट्ट झालं तर तेच दोन चमचे परत घाला. जिरावनात मीठ असतंच, म्हणून दह्यात वेगळं घालू नका आणि जिरावन बरणीत न मिसळता ताटातच भुरभुरवा. अर्ध्या किलोचं तीन दिवसांत संपवा.

ऑलिव्हप्रेमी: त्यावर चमचाभर ऑलिव्ह सोडा.