गावची दोन एकर वरकस: काजू लावू की नको?

डोंबिवलीकर_चाकरमानी:
राजापूर तालुक्यात घरामागून वर चढून गेलं की आमची दोन एकर वरकस (डोंगरउताराची हलकी जमीन) आहे. आजोबांच्या वेळी नाचणी, वरी व्हायची, आता करवंदीची जाळी आणि कंबरेएवढं गवत. मी डोंबिवलीला, गावी फक्त आई-बाबा, बाबा ७१. वाडीतले सगळे म्हणतात काजू लाव, सरकार पैसे देतं, तिसऱ्या वर्षी बी धरते, काजूला काही लागत नाही. व्हिडिओ बघावेत तर त्यात पण एकरी लाखाच्या खाली कोणी बोलतच नाही. खरं सांगा, कोणी स्वतः केलंय का? आणि सातबाऱ्यावर १४ नावं आहेत, त्यातले दोघे वारलेत, एक काका बडोद्याला, त्याचं काय करायचं? हापूस नको, बाबांना फवारणी झेपणार नाही.

कातळावरचा:
"काजूला काही लागत नाही" म्हणणाऱ्याला आधी विचारा तुझी किती झाडं आहेत. मी लांज्याकडचा, २०१४ ला ७ बाय ७ मीटरवर १६० कलमं लावली, म्हणजे तुमच्याएवढीच जागा, एकरी साधारण ८० बसतात. वेंगुर्ला ४ आणि वेंगुर्ला ७ या दोन जाती मिळून. ७ ची बी मोठी, १० ग्रॅमच्या आसपास, व्यापारी ती हातात घेऊन बघतो आणि भाव मात्र सगळ्याचा एकच देतो, ते असो. कलमं कृषी विद्यापीठाच्या नाहीतर सरकारमान्य रोपवाटिकेतूनच घ्या, रस्त्यावर टेम्पोत विकतात ती नको.

लावणं दोन दिवसांचं काम आहे हो, राखणं पाच वर्षांचं. पहिल्या दोन वर्षांत कलमाच्या जोडाच्या खालून फुटवे येतात ते खुडले नाहीत तर कलम मागे पडतं आणि खालचं गावठी झाड वर येतं, माझ्या १० एक झाडांचं तसं झालं आणि मला कळलं कधी तर बी धरल्यावर, एवढीशी बी बघून. मोहराच्या वेळी ढेकण्या नावाची कीड येते, कोवळी फूट काळी पडून सुकते, त्यामुळे फवारणी काजूला पण आहेच, फक्त हापूसपेक्षा कमी. आणि सगळ्यात मोठं म्हणजे वणवा. चौथ्या वर्षी फेब्रुवारीत कोणीतरी शेजारच्या माळावर काडी टाकली, मी पोचेपर्यंत गडग्याच्या (दगडी कुंपणाच्या) आतलं गवत पेटलं होतं आणि हिरव्या पानांचा तडतड आवाज येत होता, ५२ झाडं गेली. दिवाळीनंतर गवत कापून कडेने जाळरेषा, म्हणजे गवत नसलेला मोकळा पट्टा, काढली असती तर वाचली असती, पण त्या वर्षी माणूसच मिळाला नाही. तेव्हा ७१ वर्षांचे बाबा आणि डोंबिवलीतले तुम्ही, गवत कोण कापणार ते पहिलं ठरवा, मग कलमं.

उत्पन्न म्हणाल तर पुस्तकात काही लिहू दे, मला चांगल्या झाडाला ४-५ किलो बी मिळते.

कुडाळची_ताई:
रे भावा, काजी लावूचा मगे बघ, बी खंय घालतलंस ता आधी ठरव. (सगळं मालवणीत लिवलं तर अर्ध्यांना कळूचा नाय म्हणून पुढचं साधं लिहिते.)

आम्ही सहा जणी गटातून काजू फोडतो. बी वाफवायची, एक दिवस निववायची, मग पायाच्या कटरवर एकेक बी. त्याचा चीक हाताला लागला की कातडी सोलते, म्हणून आधी खोबरेल लावून बसायचं, तरी बोटं काळी ती काळीच, लग्नाकार्यात हात लपवावे लागतात. चार किलो बी फोडली की एक किलो गर. त्यात अख्खा निघाला तर पैसे, तुकडा झाला की भाव खाली, म्हणजे हात कोणाचा आहे त्यावर सगळं.

आता गंमत ऐका. मार्च-एप्रिलात सगळा जिल्हा एकदम बी काढतो आणि सगळ्यांना तेव्हाच पैसे हवे असतात, म्हणून भाव पडतो. त्यात आयव्हरी कोस्ट, बेनिन, घाना इकडचा हंगाम पण साधारण तेव्हाचाच, तिकडची बी जहाजाने येते आणि मोठे कारखाने तिच्यावर वर्षभर चालतात, मग आपल्या बीसाठी कोण घासाघीस करणार? २०२४ ला सरकारने किलोला १० रुपये अनुदान जाहीर केलं ते ह्याच ओरडीमुळे.

मग तुम्ही म्हणाल बी साठवा आणि गावातच फोडा. बरोबर, पण रोख कुठून आणायची? सूक्ष्म अन्न प्रक्रियेच्या योजनेत मशीनला ३५ टक्के अनुदान मिळतं, गटाला बीज भांडवल, म्हणजे धंद्याला सुरुवातीची रक्कम, जणी ४० हजारापर्यंत, सहा जणींचे झाले २ लाख ४० हजार. काजू बीचा भाव किलोला १२० धरा, तेवढ्यात २ टन येते. दिवसाला ४० किलो फोडली तर ५० दिवसांत संपली, जूनपासून मशीनवर गोणपाट टाकून बसायचं. आणि गरला गिऱ्हाईक येतं गणपती-दिवाळीला! मशीन द्यायला सगळे तयार, बी घ्यायला कोणी पैसे देत नाही.

तुमच्याकडे १०० झाडं जरी जगली तरी बी दोन-तीन उन्हं चांगली वाळवून पोत्यात भरून ठेवा, ओली विकू नका. आणि झाडावरून ओढून काढू नका, पडलेली वेचा.

निवृत्त_कृषीसहायक:
सातबाऱ्याचं सांगतो. १९९० ला रोजगार हमीतून फळबाग योजना आली, १०० टक्के अनुदान, कोकणातल्या कितीतरी बागा त्यातल्याच. तेव्हापासून बघतोय, पैसे असून बाग होत नाही ती सामाईक नावांमुळे. आधी मयतांची वारस नोंद करा, सरकारच्या ई-हक्क या ऑनलाइन सेवेवरून अर्ज होतो. मग बाकी सगळ्यांची संमतीपत्रं. तोंडी "लाव रे, आम्ही कुठे येतोय" यावर जाऊ नका. झाड लहान असेपर्यंत कोणी येत नाही, बी धरली की बडोद्याचा काका पहिल्या गाडीने हजर.

रोजगार हमीचं जॉबकार्ड नसेल तर २०१८ ची भाऊसाहेब फुंडकर फळबाग लागवड योजना, कोकणात १० गुंठ्यांपासून बसते. पण पैसे तीन वर्षांत ५०, ३०, २० टक्के असे येतात, दुसऱ्या वर्षी ८० टक्के कलमं जिवंत पाहिजेत, तिसऱ्या वर्षी ९०. वर वणव्याचं लिहिलंय ते त्यासाठी पण वाचा.

डोंबिवलीकर_चाकरमानी:
बापरे, मी फक्त कलमं कुठली एवढंच विचारायला आलो होतो. काकांना काल फोन केला, म्हणाले सही देतो पण माझ्या वाटणीची झाडं वेगळी दाखव. आता १६० भागिले १४ करत बसू का? अर्ध्या एकरात ४० लावून बघावं असं डोक्यात आहे, तेवढं गवत मी डिसेंबरात रजा काढून स्वतः कापेन.

कातळावरचा:
४० बरोबर. घराच्या बाजूची लावा, बाबांना पडवीतून धूर दिसेल अशी. आणि काकांना सांगा, झाडं वेगळी दाखवतो, पण गवत पण वेगळं कापायला या.