आठ भूमिका आणि एकच फिल्म

'काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स' (१९४९) या ब्रिटिश चित्रपटात ॲलेक गिनेस या नटाने आठ भूमिका केल्या. एकाने लिहिलंय की त्यातली सहा पात्रं चर्चच्या दृश्यात एकत्र दिसतात, ती नंतर लॅबमध्ये जोडली. तसं नाही, ते कॅमेऱ्यातच झालं. चौकटीचा एकच भाग उघडा ठेवून बाकीचा काळ्या पट्ट्यांनी झाकायचा, एक पात्र टिपायचं, फिल्म उलटी गुंडाळायची, की पुढचा भाग उघडा. दरवेळी नवा मेकअप, त्यामुळे काम रेंगाळलं. कॅमेरा केसभर हलला की आधीची सगळी पात्रं मातीत! म्हणून छायाचित्रकार डग्लस स्लोकोम्ब रात्री सेटवरच झोपायचा. अभिनयाचं म्हणाल, तर गिनेस मुळात रंगभूमीचा. लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यगृहात आधुनिक पोशाखातला हॅम्लेट त्याने १९३८ सालीच केला होता.