ॲलेक गिनेस आणि प्राध्यापक गोडबोले : परकायाप्रवेशाला सीमा असते का?

नांदी

ॲलेक गिनेस या इंग्रज नटाविषयी लिहिताना ‘परकायाप्रवेश’ हा शब्द आपल्याकडे हमखास येतो. त्यांच्या बाबतीत तो अर्धाच खरा आहे, असे माझे मत आहे आणि ते तपासून घ्यावे म्हणून हा धागा काढत आहे. निमित्त आहे दिग्दर्शक डेव्हिड लीन यांनी इ. एम. फॉर्स्टर यांच्या ‘अ पॅसेज टू इंडिया’ या कादंबरीवरून १९८४ साली काढलेल्या चित्रपटाचे. त्यातील प्राध्यापक नारायण गोडबोले या दख्खनी ब्राह्मणाची भूमिका सत्तरीला पोचलेल्या गिनेस यांनी चेहऱ्याला तपकिरी रंग लावून केली. ती फसली, हे बहुतेकांना मान्य असते; पण ‘गोऱ्याने काळ्याची भूमिका केली, म्हणून फसली’ एवढ्यावर ही चर्चा थांबते. माझ्या मते ती फसण्याचे कारण त्यांच्या अभिनयपद्धतीतच होते, आणि ज्या गुणामुळे ते मोठे झाले त्याच गुणाची ती दुसरी बाजू होती.

ही पद्धत कशी घडली ते थोडक्यात सांगतो. २ एप्रिल १९१४ रोजी लंडनमध्ये एका अविवाहित आईच्या पोटी त्यांचा जन्म झाला; जन्मनोंदीत वडिलांच्या नावाची जागा कोरी राहिली. जाहिरातींचा मजकूर लिहिण्याची नोकरी करत असताना ते मार्टिटा हंट या अभिनेत्रीकडे शिकायला गेले, तेव्हा हे तुम्हांला जमणार नाही, असेच तिने आधी सांगितले. पुढे १९३४ साली जॉन गिलगुड यांनी त्यांना आपल्या ‘हॅम्लेट’मध्ये ऑस्रिकची छोटी भूमिका दिली आणि १९३८ साली दिग्दर्शक टायरोन गथ्री यांनी लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यगृहात त्यांना आधुनिक पोशाखातला, एकही ओळ न कापलेला हॅम्लेट करायला दिला. महायुद्धात ते नौदलात होते. १९४३ साली सिसिलीवर सैन्य उतरवणाऱ्या नौकांपैकी एक त्यांच्या हाताखाली होती. युद्धानंतर लीन यांनी त्यांना पडद्यावर आणले.

या सगळ्या प्रवासात त्यांची रीत बदलली नाही. आधी माणसाची चाल सापडायला हवी, मन नंतर. ‘द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय’मध्ये पत्र्याच्या कोठडीतून बाहेर काढलेला कर्नल निकल्सन मैदान ओलांडून जातो, ती लडखडती, तरीही ताठ राहण्याची शिकस्त करणारी चाल त्यांनी पोलिओतून उठणाऱ्या आपल्या मुलाच्या, मॅथ्यूच्या, चालण्यातून घेतली होती. ‘टिंकर टेलर सोल्जर स्पाय’मधल्या स्मायली या गुप्तहेराची तयारी करताना त्यांनी मॉरिस ओल्डफील्ड या निवृत्त गुप्तहेरप्रमुखांसोबत जेवण घेतले आणि त्यांच्या लकबी टिपून घेतल्या. म्हणजे परकायाप्रवेश होण्यासाठी ती काया आधी डोळ्यांनी पाहिलेली असावी लागते. गोडबोले त्यांनी पाहिलेच नव्हते.

जुना प्रेक्षक

धाग्याची मांडणी आवडली, निष्कर्ष पटला नाही. नटाने प्रत्येक भूमिकेसाठी प्रत्यक्ष माणूस पाहिलेला असावा, असा नियम केला, तर रंगभूमीच्या इतिहासातील अर्ध्याअधिक भूमिका बाद कराव्या लागतील. ‘काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स’मध्ये (१९४९) गिनेस यांनी डॅस्कॉइन या सरदार घराण्यातली आठ माणसे उभी केली आणि त्यात बायकांच्या मताधिकारासाठी लढणाऱ्या लेडी ॲगथाही होत्या. सातव्या एडवर्डच्या राजवटीतले सरदार त्यांनी कुठे पाहिले असतील? आठही जण एकमेकांपासून वेगळे राहतात, कारण प्रत्येकाच्या मानेला, हनुवटीला, श्वासाला त्यांनी स्वतंत्र जागा दिली आहे. आणि ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’तल्या राजपुत्र फैसलचे काय? तो अरब आहे, गिनेस इंग्रज आहेत, तरी तो संपूर्ण चित्रपटातला सर्वांत शहाणा आणि सर्वांत थकलेला माणूस वाटतो.

गोडबोले फसले असतील, तर त्याचा मोठा वाटा दिग्दर्शकाकडे जातो. गिनेस यांनी मेहनतीने बसवलेला नाच लीन यांनी संकलनात कापला आणि त्यावरून दोघांत कटुता आली. सहा चित्रपट एकत्र केलेल्या माणसांमधली ही कटुता होती. हातपाय कापलेली भूमिका पाहून नटाच्या चालीविषयी निकाल देणे मला न्याय्य वाटत नाही.

आजोळ गोडबोल्यांचे

माझे आजोळ गोडबोल्यांचे आहे, त्यामुळे या भूमिकेकडे मी कलेचा अभ्यासक म्हणून पाहू शकत नाही, हे आधीच सांगते.

मूळ कादंबरीत गोडबोल्यांचे वर्णन नीट वाचले, तर या चित्रपटाची चूक नेमकी कोठे आहे ते कळते. फॉर्स्टर यांनी त्यांना गोरा वर्ण आणि निळसर करडे डोळे दिले आहेत. त्यांचा वर्ण युरोपियनासारखा आहे, असे कादंबरीत स्पष्ट म्हटले आहे. कोकणस्थांची घरे माहीत असलेल्या कोणालाही यात नवल वाटणार नाही. म्हणजे गिनेस यांना रंग लावण्याची गरजच नव्हती! लेखकाने पाहून लिहिलेला माणूस बाजूला सारून, पडद्यावरचा ‘हिंदू’ असाच दिसायला हवा, या ठरावीक कल्पनेतून तो चेहरा रंगवला गेला.

फॉर्स्टर यांनी मात्र माणसे पाहिली होती. १९२१ साली ते देवास संस्थानच्या थोरल्या पातीच्या महाराजांचे, तुकोजीराव पवारांचे, खासगी चिटणीस होते आणि तिथला गोकुळाष्टमीचा उत्सव त्यांनी जवळून पाहिला. कादंबरीच्या शेवटच्या भागात गोडबोले अनवाणी, झांजा घेऊन कीर्तनात उभे आहेत आणि त्यांच्या तोंडी तुकारामांचे नाव आहे : तूच माझा बाप, तूच माझी आई, तूच सर्वस्व, अशा अर्थाची ती ओळ आहे. एका इंग्रज कादंबरीकाराने १९२४ साली तुकोबांचे नाव असे जिवंत कानाने टिपून ठेवले, याचा मला आजही फार आनंद होतो. चित्रपटाने शेवट काश्मीरच्या डोंगरांत नेला आणि गोडबोल्यांचा प्राण असलेले ते कीर्तन मागे पडले. मग उरतो तो गूढ बोलणारा, काहीसा विनोदी म्हातारा.

आणि मराठी नट मिळत नव्हते, असेही नाही. दोनच वर्षे आधी रिचर्ड ॲटनबरो यांच्या ‘गांधी’त गोपाळ कृष्ण गोखल्यांची भूमिका डॉ. श्रीराम लागूंनी केली होती. तुम्ही गोडबोल्यांच्या जागी लागूंना उभे करून पाहा.

विंगेतून

मी हौशी रंगभूमीवर काम करतो. ‘पाहिलेला माणूस’ हा धागाकर्त्यांचा मुद्दा मला जवळचा वाटतो, पण मर्यादा वेगळीकडे आहे असे मला वाटते. गिनेस यांची अडचण परक्या संस्कृतीशी नव्हती, उघड्या भावनेशी होती. १९५१ साली न्यू थिएटरमध्ये त्यांनी स्वतः दिग्दर्शन करून हॅम्लेट केला. पहिल्या रात्री प्रकाशयोजना विस्कटली, प्रेक्षकांनी हुर्यो केली आणि त्यांनी स्वतःही तो प्रयोग पराभव म्हणूनच मनात ठेवला. १९६६ साली फ्रेंच अभिनेत्री सिमोन सिन्योरे यांच्यासोबत केलेला मॅकबेथही समीक्षकांनी झोडपला. हॅम्लेट इंग्रज नटाला परका नाही. तरी तिथे ते अडले, कारण त्या भूमिकेत लपायला जागा नाही. नटाला स्वतःच्या आवाजात, स्वतःच्या जखमेसह उभे राहावे लागते.

याउलट १९४६ साली लॉरेन्स ऑलिव्हिए यांच्या ‘किंग लिअर’मध्ये ते विदूषक होते आणि त्या भूमिकेची आठवण प्रेक्षकांनी कितीतरी वर्षे जपली. राजाच्या शेजारी उभे राहून सारे पाहणारा, थोडे बोलणारा, मध्येच नाहीसा होणारा. त्यांच्या उत्तम भूमिका याच घरातल्या आहेत : स्मायली, फैसल, ‘द लॅव्हेंडर हिल मॉब’मधला बँकेचा कारकून. वडिलांचे नाव नसलेल्या मुलाने स्वतःला झाकून ठेवायला शिकावे, यात मला आश्चर्य वाटत नाही.

जुना प्रेक्षक

शेवटच्या वाक्याला माझा ठाम विरोध आहे. जन्मनोंदीतली कोरी जागा हे चरित्रातले दुःख आहे, अभिनयाचा उलगडा नव्हे. तशी कोरी जागा असलेली हजारो मुले त्या काळी लंडनमध्ये वाढली आणि त्यांतला एकच गिनेस झाला. उरलेली सगळी मेहनत त्यांची आहे, ती दैवाच्या खात्यावर का लिहायची?

उघड्या भावनेचेही तसेच. ‘ट्यून्स ऑफ ग्लोरी’ (१९६०) पाहिला नसेल तर अवश्य पाहावा. शिपाईगिरीतून वर आलेला, दारू पिणारा, तांबड्या केसांचा स्कॉटिश कर्नल जॉक सिंक्लेअर त्यांनी केला आहे. शेवटी तो माणूस सर्वांसमोर कोसळतो, तेव्हा गिनेस कोठेही लपत नाहीत. १९६४ साली ब्रॉडवेवर त्यांनी डिलन थॉमस हा उधळा, मद्यपी कवी उभा केला आणि त्यासाठी त्यांना टोनी पुरस्कार मिळाला. ज्याला ‘उघडे होता येत नाही’, त्याला हे कसे जमले?

नांदी

दोन गोष्टी मान्य करतो. सरदारांच्या बाबतीत माझा नियम ताणला गेला होता. ते घराणे त्यांनी पाहिले नसले, तरी त्या वर्गाची माणसे ओल्ड व्हिकच्या प्रेक्षागृहात रोज समोर बसत असणार. आणि नाच कापला गेला, ही नटाची खरी हानी आहे.

पण फैसलचे उदाहरण माझ्याच बाजूचे आहे. त्या अरबी वळणाच्या उच्चारासाठी त्यांनी ओमर शरीफ यांच्या बोलण्याकडे कान लावला, असे सांगितले जाते. म्हणजे तिथेही एक जिवंत माणूस समोर होता. याच्या उलट बाजूला ‘ऑलिव्हर ट्विस्ट’मधला (१९४८) फॅगिन हा ज्यू खलनायक आहे. तो त्यांनी माणसावरून घेतला नाही, मूळ कादंबरीतल्या जॉर्ज क्रूकशँकच्या जुन्या चित्रांवरून घेतला आणि ते मोठे नाक त्या चित्रांतूनच आले. हे घडले ज्यूंच्या संहाराला तीन वर्षे होत असताना. बर्लिनमध्ये १९४९ साली, छळछावण्यांतून वाचलेल्या ज्यूंनी चित्रपटगृहासमोर निदर्शने केली आणि अमेरिकेत तो १९५१ पर्यंत दाखवला गेला नाही, आणि मग दाखवला तोही काटछाट करून. नटाच्या मनात द्वेष होता, असे मी मुळीच म्हणत नाही. पण चित्रावरून घेतलेल्या चेहऱ्याबरोबर चित्रकाराचा पूर्वग्रहही येतो, आणि अभिनय जितका बारकाव्याचा, तितका तो पूर्वग्रह अधिक खरा वाटू लागतो. गिनेस यांच्यासारख्या सूक्ष्म नटाच्या हातून ही चूक झाली, म्हणूनच ती सामान्य नटाच्या चुकीपेक्षा गंभीर ठरते. १९६१ सालच्या ‘अ मेजॉरिटी ऑफ वन’मध्ये ते जपानी व्यापारी झाले होते, तीही भूमिका याच रांगेत बसते.

विंगेतून

‘ट्यून्स ऑफ ग्लोरी’ काल रात्री पाहिला. जुना प्रेक्षक यांचे म्हणणे मला मान्य करावे लागते. शेवटच्या प्रसंगात सिंक्लेअर मयताच्या मिरवणुकीचा बेत सांगू लागतो, कोणत्या धून वाजतील ते सांगतो आणि सांगता सांगता ढासळतो; तो आवाज ऐकल्यावर ‘उघडी भावना जमत नाही’ हे माझे वाक्य मी मागे घेतो. वडिलांच्या नावाविषयी लिहिले तेही घाईचे होते.

आजोळ गोडबोल्यांचे

‘अ पॅसेज टू इंडिया’ आम्ही घरी व्हिडिओ कॅसेटवर पाहिला होता. आई स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. गिनेस पडद्यावर आले, तेव्हा आमच्यापैकी कोणी हसले नाही आणि कोणी रागावलेही नाही. आई थोडा वेळ त्यांच्या हातांकडे पाहत राहिली आणि म्हणाली, “याने कधी झांज धरलेली नाही गं.” माझे आजोबा गोकुळाष्टमीला झांज धरत तेव्हा त्यांचे मनगट सैल आणि अंगठा आत असे, मान एका बाजूला कलत असे, तिने ते लहानपणापासून पाहिले होते.

गिनेस भारतात चित्रीकरणासाठी बंगळूरला आले होते. तिथून महाराष्ट्रातले एखादे देऊळ काही फार दूर नव्हते. मुलाच्या पायांकडे ज्या डोळ्यांनी त्यांनी पाहिले, त्या डोळ्यांनी एक संध्याकाळ त्यांनी कीर्तनात बसून काढली असती, तर नाच कापला गेला तरी ते मनगट उरले असते.