मदत हवी आहे : 1899 च्या सेवानी संघाचे गुण कसे वाचायचे?

मंडळी, अमेरिकन फुटबॉलच्या जुन्या नियमांची माहिती असलेलं कुणी आहे का इथे?

टेनेसीतल्या सेवानी या छोट्या कॉलेजचा 1899 चा मोसम वाचतोय. बारापैकी बारा सामने जिंकले! त्यातही नोव्हेंबरमध्ये आगगाडीने फिरत सहा दिवसांत पाच सामने : ऑस्टिन, ह्यूस्टन, न्यू ऑर्लिन्स, रविवारी सुट्टी, मग बॅटन रूज आणि मेम्फिस. पाचही प्रतिस्पर्ध्यांना भोपळा. (आपले क्रिकेटवाले वेळापत्रकावरून कुरकुरतात, त्यांना हे दाखवायला हवं.)

अडलंय ते गुणांपाशी. तेव्हा टचडाउनला (चेंडू समोरच्यांच्या गोलरेषेपलीकडे नेणं) 5, त्यानंतरच्या किकला 1 आणि फील्ड गोललाही (खेळ चालू असताना चेंडू लाथेने गोलखांबांच्या मधून मारणं) 5 च. ऑस्टिनला टेक्सस विद्यापीठाविरुद्ध केलेले 12 म्हणजे 6 अधिक 6, हे सरळ आहे. पण मोसमभरात सेवानीवर गुण केले ते एकट्या ऑबर्न कॉलेजच्या संघाने, आणि तो सामना 11-10 असा सुटला. हे 11 दोन टचडाउन आणि एका किकचे, की त्यात फील्ड गोल आहे? नुसत्या आकड्यांवरून कळायला मार्ग नाही.

त्या काळच्या वर्तमानपत्रांतला सविस्तर वृत्तांत कुणी वाचलाय का? कुठे शोधू तेवढं सांगा.